बोटीला अपघात की बोटीवर अपघात?

ऐरोलीत मेडिकल कोडिंग, म्हणजे रुग्णाच्या आजार-इजांना ठरावीक सांकेतिक क्रमांक देण्याचं काम, करणाऱ्या एका वाचक ताईंचा प्रश्न आहे. नव्याने रुजू होणाऱ्या, मराठी माध्यमातून आलेल्या मुलांसाठी त्या पाण्यावरच्या अपघातांच्या कोडचं टिपण मराठीत करत आहेत. ‘बोट बुडून इसम बुडाला’ हे दोनदा ‘बुडणे’ असलेलं वाक्य त्यांना खटकतं. शिवाय ‘नॉनफेटल सबमर्शन’साठी (बुडूनही जीव न जाणे) कुणीतरी सुचवलेलं ‘अप्राणघातक निमज्जन’ ठेवावं का, असं त्या विचारतात.

ताई, पहिला प्रश्न आधी घेतो. मराठीत बोट बुडते, माणूस बुडतो, शाळा बुडते, उसने दिलेले पैसेही बुडतात. प्राकृत ‘बुड्ड’शी नातं सांगणारं हे क्रियापद. हिंदीत त्यातल्या वर्णांची अदलाबदल होऊन ‘डूबना’ झालं, आपण जुना क्रम राखला. एवढं पसरट क्रियापद असल्यावर कोण बुडालं हे कर्त्यावरूनच कळणार. तुमच्या आयसीडी-१०-सीएम या आजार-इजांच्या अमेरिकी वर्गीकरणात तर हे प्रसंग काटेकोरपणे वेगळे ठेवलेत. मासेमारी बोट बुडाली आणि त्यामुळे माणूस बुडाला, तर व्ही ९०.१२. बोट उलटली, तर व्ही ९०.०२. बोट शाबूत, माणूसच तिच्यावरून पडून बुडाला, तर व्ही ९२.०२. म्हणून तुमच्या वाक्यातलं एकही ‘बुडणे’ गाळता येणार नाही. पहिलं गाळलं तर कोड बदलतो, दुसरं गाळलं तर इजा कोणती हेच कळत नाही. काढायचाच तर ‘इसम’ काढा. तो पंचनाम्यातला शब्द आहे, रुग्णाला रुग्णच म्हणा.

‘बोट अपघात’ हा वर्तमानपत्री समास मात्र टिपणात नको. समासात विभक्ती गळते, आणि इथे सगळा भार विभक्तीवर आहे. बोटीला अपघात झाला, म्हणजे ती उलटली, बुडाली, पेटली, आदळली, तर व्ही ९० किंवा ९१. बोटीला काहीच झालं नाही, अपघात बोटीवर झाला, तर व्ही ९२ किंवा ९३. यातल्या सम आकड्यांत बुडणे, विषम आकड्यांत बाकीच्या इजा. इंग्रजी शीर्षकात या भेदासाठी ‘बोटीला अपघात न होता’ अशा अर्थाचं शेपूट जोडावं लागलंय. आपलं ‘ला’ आणि ‘वर’ एवढ्यात भागतं. मला ही जोडी फार आवडली.

कोड अमेरिकी असले तरी उदाहरणं आपल्या खाडीतली द्या. दिवाळे कोळीवाड्यातला खलाशी ओल्या डेकवर घसरला आणि त्याचं मनगट मोडलं: बोटीवर अपघात, व्ही ९३.३२. १८ डिसेंबर २०२४ ला गेटवेहून घारापुरीला निघालेल्या प्रवासी बोटीवर नौदलाची स्पीडबोट आदळली: बोटीला अपघात. एरवी अशा धडकेनेच जखमी झालेले व्ही ९१ मध्ये जातील, बुडालेले व्ही ९० मध्ये; पण लष्करी बोटीशी झालेल्या अपघातातल्या प्रवाशांसाठी व्ही ९४.८१० हा वेगळा कोड आहे. पोहणाऱ्याला बोटीची धडक बसली, तर व्ही ९४.१.

आता ‘निमज्जन’. ते ठेवू नका. निमज्जन म्हटलं की तीर्थातली बुडी आठवते, श्वास कोंडल्याची छटा त्यात नाही. २००२ साली ॲमस्टरडॅमला बुडण्याविषयी जागतिक परिषद झाली. द्रवात बुडाल्यामुळे श्वसनात अडथळा येण्याची प्रक्रिया म्हणजे बुडणे, ही व्याख्या तिथे पुढे आली. शेवट मृत्यूतच व्हायला हवा असं नाही. ‘निअर ड्राउनिंग’ (जवळपास बुडणे) ही संज्ञा तज्ज्ञ तेव्हापासून टाळतात.

मराठी म्हणींना ही प्रक्रिया चांगली ठाऊक आहे. बुडत्याला काडीचा आधार. बुडत्याचा पाय खोलात. दोन्हींत ‘बुडता’ आहे, ‘बुडालेला’ नाही. ‘बुडता’ माणूस अजून हातपाय मारतोय, त्याला काडीही हवी आहे. ‘रुग्ण बुडाला’ असं लिहिलं, की ऐकणारा तो गेला असंच समजतो. म्हणून टी ७५.१ या, बुडण्याच्या परिणामांच्या कोडमधल्या जिवंत रुग्णासाठी ‘बुडताना वाचलेला’ लिहा. त्याने गटांगळ्या खाल्ल्या, त्याच्या नाकातोंडात पाणी गेलं, हे शब्द प्रशिक्षणार्थींच्या घरात रोज बोलले जातात. आणि हा टी कोड आधी, व्ही कोड नंतर. व्ही कोड कारण सांगतो, मुख्य निदान कधीच नसतो.

‘उडी’ हा शब्द जपून वापरा. ‘खाडीत उडी घेतली’ वाचताच मराठी वाचकाला आत्महत्या दिसते. व्ही ९०.२ मध्ये पेटत्या बोटीवरून पडणं किंवा उडी मारणं, दोन्ही अपघातातच येतात. तिथे ‘जीव वाचवण्यासाठी उडी मारली’ असं पूर्ण लिहा. स्वतःहून जीव देण्याचा प्रयत्न असेल तर तो एक्स ७१, दुसऱ्याने बुडवलं तर एक्स ९२. ‘बुडणे’ आणि ‘बुडवणे’ यांतला एक ‘व’ इथे अख्खा गट बदलतो.

‘वॉटरक्राफ्ट’ला ‘नाव’ म्हणू नका, फॉर्मवर रुग्णाचं नाव आणि बुडालेली नाव शेजारी येतील. ‘नौका’ही पुरत नाही, कारण पाचव्या अक्षरात मासेमारी बोट २, शिडाची बोट ४ अशा यादीत ७ वर वॉटर स्कीसुद्धा आहे, आणि पायांत बांधायच्या फळ्यांना नौका कोण म्हणेल? ‘जलवाहन’ लिहा. बाकी सगळीकडे बोटच.