पोलिसाची नोकरी सोडून माहितीपट करायला घ्यावेत का?

तुम्ही विचारलंय, पोलिसात १६ वर्षं झाली, आता माहितीपट करायचेत, नोकरीतलं काही कामाला येईल का. मी कर्नाटक पोलिसातून हवालदार असताना स्वेच्छानिवृत्ती घेतली. बरीच वर्षं निपाणी-चिक्कोडीकडेच, मराठी बोलणाऱ्या सीमाभागात गेली.

येईल की. अनोळखी दारात उभं राहायची भीड नसते, वाट बघायची सवय असते. पण आपलं सगळ्यात पक्कं काम, जबाब घेणं, तेच आड येतं.

आमच्याकडं बाई मराठीत सांगायची, मी कन्नडमध्ये लिहायचो आणि नंतर तिला अर्थ सांगायचो. तपासातल्या या जबाबावर सांगणाऱ्याची सही घेत नाहीत, कायदाच तसा आहे. कागदावर भाषा माझी, क्रमही माझा. तिचं मध्येच थांबणं, पदर तोंडाला लावणं कुठंच यायचं नाही. हे मला फार लागायचं, आणि त्यासाठीच मी कॅमेरा घेतला.

तरी पहिल्याच कामात तीच चूक केली. निपाणीत एका विडी वळणाऱ्या आजींकडं गेलो. मांडीवर सूप, त्यात तंबाखू आणि कापलेली पानं. मी सुरू केलं : कधीपासून? हजाराला किती मिळतात? छाट, म्हणजे नापास विड्या, कोण काढतं? आजींचे हात थांबले. "आमाला काय ठावं न्हाई, सायेब." 'साहेब' म्हणाल्या तेव्हाच कळलं, मी अजून ठाण्यातच बसलोय.

पुढचे तीन दिवस कॅमेरा पिशवीतच ठेवला, नुसता उंबऱ्यापाशी बसलो. चौथ्या दिवशी त्याच म्हणाल्या, "काढ की आता तुझं ते मशीन." मी एक प्रश्न विचारला नाही. त्या विड्या वळत चाळीस मिनिटं बोलल्या, त्यांच्याच मराठीत. त्यातलं एक वाक्यही मी जबाबात लिहिलं नसतं. आज माझ्या फिल्मचा कणा तोच आहे.

एक अगदी कळकळीनं सांगतो. ठाण्यातले कागद, पंचनाम्याचे फोटो, केस डायरी यातलं काही आपलं नाही, त्याला हात लावू नका. लैंगिक अत्याचार झालेल्या बाईची ओळख तिच्या लेखी संमतीशिवाय उघड करणं गुन्हा आहे, हे तुम्हाला मी सांगायला नको. पण एडिटिंगला बसल्यावर मोह होतो. मलाही झाला होता.

पैशाचं म्हणाल तर सुरुवातीला येत नाहीत. घरचं पगाराशिवाय भागत असेल तरच नोकरी सोडायचा विचार करा, आणि नोकरीत आहात तोवर खात्याची लेखी परवानगी काढा. कॅमेरा फोनचा चालतो, पण कॉलरला लावायचा माइक मात्र चांगला घ्या. आजींच्या पहिल्या दिवसाच्या रेकॉर्डिंगमध्ये मागच्या पिठाच्या गिरणीचाच आवाज जास्त आहे, आणि मधूनमधून माझे प्रश्न.