वसुली इंदुरात असली तरी डिक्री रद्द होणार तिकडेच

न कळताच पोटगीची एकतर्फी डिक्री (म्हणजे तुमची बाजू न ऐकता कोर्टाने दिलेला हुकूमनामा) झाली आणि पगारावर जप्ती आली, हे तुमचं वाचलं आणि माझीच जुनी फाईल उघडल्यासारखं झालं. समन्स कधी हातात नाही, पेशीची (सुनावणीची) तारीख माहीत नाही, आणि एक दिवस ऑफिसात पगार जप्तीचं पत्र. मला तर ते कॅशिअरने सांगितलं, तेही चारचौघांत. माझीही डिक्री महाराष्ट्रातल्या कौटुंबिक न्यायालयाची, पोटगीची, एकतर्फी, वसुलीसाठी इंदूरला पाठवलेली. मी वकील नाही. खेटे घालून जे कळलं तेवढंच लिहितोय, तुमच्या वकिलांना विचारूनच काय ते करा.

तिकडून आलेल्या कागदावर ‘दरखास्त’ लिहिलं होतं. मी पडलो इंदुरी, मला वाटलं बायकोने साधा अर्ज केलाय. तिकडे दरखास्त म्हणजे आपला इंदुरातला इजरा, डिक्रीच्या वसुलीचं प्रकरण! आठ दिवस त्यातच गेले.

पण खरी माती खाल्ली ती पुढे. एका कार्यालयात खिडकीमागचा बाबू म्हणाला, “यहीं आपत्ति लगा दो, सब हो जाएगा.” आणि मी इथेच आक्षेप लावला, की समन्स मिळालं नाही, सबब डिक्री रद्द करा. पाच महिने पेश्या झाल्या. शेवटी साहेबांनी दोन ओळींत निकाली काढलं: इजरा कोर्ट डिक्रीच्या मुळाशी जात नाही. (डिक्री मुळातच शून्य असेल, म्हणजे कोर्टाला अधिकारच नव्हता, तर गोष्ट निराळी.) रद्द करायचा अर्ज दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 9 नियम 13 खाली, आणि तो ज्या कोर्टाने डिक्री दिली तिथेच. मुदत 30 दिवस. समन्स नीट बजावलं नसेल तर डिक्री कळल्यापासून. आणि कळल्याची तारीख मी त्याच आक्षेपात सहीनिशी लिहून बसलो होतो!

उशीर माफ करून घ्यायला मुदत कायद्याचं कलम 5 आणि चुकीच्या कोर्टात गेलेल्या वेळेसाठी कलम 14, दोन्ही लावले. माफी मिळाली, पण खर्च भरून. त्या बाबूवर अजून राग आहे, पण त्याचं ऐकणारा मीच ना.

इंदुरात मागायचं ते एवढंच: आदेश 21 नियम 26 खाली वसुली थांबवा, तिकडून स्थगिती आणायला वेळ द्या. कोर्ट तारण मागू शकतं. नुसता तिकडे अर्ज टाकल्याने जप्ती थांबत नाही. आणि पोटगीच्या डिक्रीत पगाराचा फक्त एक तृतीयांश भाग जप्तीतून सुटतो, हे घरखर्च मांडताना लक्षात असू द्या.

माझं काम झालं ते तामिलीच्या, म्हणजे समन्स बजावणीच्या, अहवालामुळे. नक्कल काढली तर त्यात: “घरास कुलूप, प्रत दारावर डकवली.” पत्ता रामबागेतल्या आमच्या जुन्या वाड्याचा. वाडा तेव्हा पाडून झाला होता, पाया खणला होता. कसलं दार आणि कसलं कुलूप! पाडकामाची परवानगी आणि नंतर राहायला गेलो त्या घराचं वीजबिल जोडलं. तुम्हीही आधी हा अहवाल काढा, एकेक शब्द वाचा. मात्र व्हॉट्सॲपवर कधी बायकोशी तारखेबद्दल बोलला असाल तर ते वकिलांपासून लपवू नका. तारीख आधी माहीत होती आणि हजर व्हायला वेळ होता असं दिसलं, तर बजावणीतल्या बारीक चुकांवर डिक्री रद्द होत नाही.

काहींना पटणार नाही, पण मुलाचे पैसे थांबवू नका. मी दर महिन्याला बँकेतून पाठवत राहिलो, रोख एकदाही नाही.

आणि तुमचा आदेश 1956 च्या दत्तक व पोटगी कायद्याखालचा आहे की फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जुन्या कलम 125 चा (1 जुलै 2024 पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत कलम 144), ते कळवा. 125 चा असेल तर वरचं बरंचसं लागू नाही. तिथे एकतर्फी आदेश रद्द करायला आदेशाच्या तारखेपासून तीन महिने असतात, आणि वसुली वॉरंटने होते.