वाचकांचे प्रश्न : गाणे जोचे, गिटार मिनीची

प्रश्न : लेड झेपेलिन या रॉक बँडचे ‘व्हेन द लेव्ही ब्रेक्स’ मला फार आवडते. ते मूळचे मेम्फिस मिनी या ब्लूज (अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचे संगीत) वाजवणाऱ्या गिटारवादक स्त्रीचे आहे असे कळले, म्हणून १९२९ची ध्वनिमुद्रिका मिळवून ऐकली; पण तीत तर पुरुष गातो आहे. मग मिनी कुठे आहे?
– एक वाचक, सांगली

उत्तर : आपण ऐकलेला आवाज मिनीचा तेव्हाचा नवरा जो मॅकॉय ऊर्फ कॅन्सस जो याचा आहे. १९२७च्या मिसिसिपी नदीच्या महापुरात बांध (म्हणजे ‘लेव्ही’) फुटून लाखो लोक बेघर झाले, त्यावरचे हे गाणे. मिनी आहे ती गिटारमध्ये. त्यात दोन गिटारी वाजतात. एक ठेका धरून चालते, ती जोची. दुसरी गाण्याच्या ओळीखालून वाहत राहते आणि ओळ संपताच वर येऊन बोलू लागते, ती मिनीची. तिच्या वादनाला ‘साथ’ म्हणणे मला पटत नाही, कारण इथे साथ जो करतो आहे.

तिचे खरे नाव लिझी डग्लस, जन्म १८९७चा. मेम्फिस या अमेरिकेतल्या शहराच्या दक्षिणेला असलेल्या वॉल्स या गावी तिचे बालपण गेले. लहानपणीच हाती गिटार आली आणि तेराव्या वर्षाच्या सुमारास घर सोडून ती मेम्फिसच्या बील स्ट्रीटवर वाजवू लागली. पुढे काही वर्षे सर्कशीबरोबरही हिंडली. जो आणि ती एका न्हाव्याच्या दुकानात चिल्लर पैशांसाठी वाजवीत असताना कोलंबिया या ध्वनिमुद्रिका काढणाऱ्या कंपनीच्या माणसाने त्यांना हेरले, आणि १९२९च्या जूनमध्ये न्यूयॉर्कला दोघांचे पहिले ध्वनिमुद्रण झाले.

त्या काळी ब्लूजमध्ये गाजलेल्या बहुतेक स्त्रिया गायिका होत्या आणि वाद्ये पुरुषांच्या हाती असत. मिनी मात्र १९३३ साली शिकागोतल्या एका चढाओढीत बिग बिल ब्रूंझी या नावाजलेल्या वादकावर सरस ठरली; ब्रूंझीनेच आपल्या आत्मचरित्रात ही हार सांगितली आहे. जोशी काडीमोड झाल्यावरही तिचे काही अडले नाही. १९४१च्या सुमारास तिने विजेवर चालणारी गिटार हाती घेतली. १९४२ सालच्या अखेरच्या रात्री कवी लँगस्टन ह्यूझ यांनी तिला शिकागोच्या एका क्लबात ऐकले. नीटनेटके कपडे, डोळ्यांना चष्मा, पाहावे तर शाळेतली बाई वाटावी अशी मिनी बर्फाच्या पेटीवर बसून वाजवीत होती, आणि त्या गिटारचा आवाज ह्यूझ यांना वेल्डिंगच्या यंत्रांसारखा, पोलादाच्या कारखान्यासारखा भासला. कापसाच्या शेतांवरून कारखान्यांच्या शहरात आलेल्या कृष्णवर्णीयांचे संगीत कसे बदलत होते, हे इतक्या जवळून टिपलेले वर्णन माझ्या वाचनात दुसरे नाही.

सुमारे दोनशे गाणी मुद्रित करणाऱ्या या बाईचा उतारवयातला काळ हलाखीचा होता. १९६०मध्ये तिला पक्षाघात झाला आणि पुढल्याच वर्षी तिचा त्या वेळचा नवरा, लिटल सन जो, वारला. तिच्या स्थितीविषयी संगीताच्या मासिकांत छापून आले, तेव्हा वाचकांनी तिला पैसे पाठवले. ६ ऑगस्ट १९७३ रोजी ती गेली. वॉल्समधल्या तिच्या कबरीवर तेवीस वर्षे नावाचा दगडही नव्हता. तो १९९६ साली गिटारवादक गायिका बॉनी रेट यांच्या पैशातून बसला.

आपण ती ध्वनिमुद्रिका पुन्हा लावावी आणि या खेपेस शब्द सोडून वरच्या तारांकडे कान द्यावा. त्यानंतर १९४१चे ‘मी अँड माय शोफर ब्लूज’ ऐकावे. त्यात गातेही मिनीच.