‘किल बिल’मधली ती गाजलेली धून वाजवणारा जपानी गिटारवादक कोण? तो नटही आहे म्हणतात, ते खरं का?

त्याचं नाव तोमोयासु होतेई. आणि हो, तो नटही आहे. खरं तर ती धून जन्मली तीच त्याच्या नटगिरीतून.

२००० साली दिग्दर्शक जुंजी साकामोतोने याकुझांवरच्या, म्हणजे जपानी गुन्हेगारी टोळ्यांवरच्या, एका जुन्या, नावाजलेल्या चित्रपटमालिकेवरून नवा चित्रपट काढला. ओसाकातले दोन बालमित्र. एक टोळीत शिरलेला, दुसरा कोरियन वंशाचा व्यावसायिक. हा दुसरा होतेईने साकारला. त्याचे स्वतःचे वडील कोरियन होते, त्यामुळे ही भूमिका त्याच्यासाठी नुसती हौस नव्हती असं मला वाटतं. त्या चित्रपटाचं संगीतही त्याचंच, आणि ही धून त्यातलीच. २००३ मध्ये टॅरंटिनोने ती आपल्या ‘किल बिल’साठी उचलली: अभिनेत्री ल्युसी लिऊ आपल्या माणसांसह संथ गतीत चालत येते तो प्रसंग. तिथून ती जाहिराती, ट्रेलर, क्रीडासामने सगळीकडे पसरली आणि वाजवणारा मात्र बहुतेकांना अनोळखीच राहिला. याची मला मनापासून खंत वाटते, कारण जपानमध्ये तो त्याआधीच फार मोठा होता.

जन्म १९६२चा, गुन्मा प्रांतातल्या ताकासाकीचा. त्याच गावच्या गायक क्योसुके हिमुरोबरोबर १९८१ मध्ये त्याने बोउइ हा रॉक बँड उभा केला. १९८५ मध्ये ही मंडळी बर्लिनच्या हान्सा स्टुडिओत जाऊन अल्बम करून आली. ब्रिटिश रॉकगायक डेव्हिड बोवीने जिथे काम केलं होतं, तीच ही जागा. पुढे १९९६ मध्ये टोकियोच्या बुदोकान सभागृहात होतेई बोवीच्याच कार्यक्रमाआधी वाजला. बोउइ मात्र ऐन भरात असताना थांबला. १९८७च्या नाताळाच्या आदल्या संध्याकाळी टोकियोच्या शिबुया भागातल्या मंचावरून त्यांनी तसं जाहीर केलं आणि एप्रिल १९८८ मध्ये नव्याकोऱ्या टोकियो डोम स्टेडियममध्ये शेवटचे दोन कार्यक्रम केले.

मी स्वतः गिटार वाजवतो, म्हणून त्याच्या हाताबद्दल थोडं. सोलोत सुरांचा पाऊस पाडणं हा त्याचा पिंडच नाही. त्याचा उजवा हात बघा. डाव्या हाताने तारांना हलकेच टेकून त्या मुक्या ठेवायच्या, उजव्याने सोळांशाच्या लयीत, म्हणजे एका ठोक्याला चार वेळा, खाली-वर झाडत राहायचं आणि मधेच नेमका एक कॉर्ड (एकत्र वाजणारे स्वर) मोकळा सोडायचा. तालवाद्यासारखी गिटार! ‘किल बिल’च्या धुनेतही स्वर अगदी मोजके आहेत, सगळी ऐट त्या ठोक्यांत आणि मागून येणाऱ्या ब्रासमध्ये, म्हणजे ट्रम्पेटसारख्या पितळी वाद्यांत. वाचायला सोपं वाटतं, पण दोन मिनिटं न ढळता करून पाहा, मनगट बोलायला लागतं. काळ्या गिटारवर एकमेकींना छेदणाऱ्या पांढऱ्या रेघा ही त्याची खूण.

नट म्हणून पाहायचा असेल, तर माझं मत ‘सामुराई फिक्शन’ला, १९९८चा. जवळजवळ सगळा कृष्णधवल, फक्त मरणाच्या क्षणी पडदा लाल होतो. होतेई त्यात शोगुनने, म्हणजे जपानच्या लष्करी शासकाने, दिलेली तलवार पळवणारा रान्नोसुके झालाय. सहा फुटांवर उंची, बोलणं कमी. फार अभिनय करत नाही, आणि तेच शोभून दिसतं. याचं संगीतही त्याचं.

२०१२ मध्ये, पन्नाशीत, घरी सगळं मिळवून झालेलं असताना तो लंडनला राहायला गेला आणि तिथल्या लहान जागांपासून पुन्हा सुरुवात केली. २०१४ मध्ये टोकियो डोममध्ये रोलिंग स्टोन्स या ब्रिटिश रॉक बँडने त्याला मंचावर बोलावलं. टोकियो पॅरालिम्पिकच्या उद्घाटनात, २४ ऑगस्ट २०२१ला, दिव्यांनी लखलखणाऱ्या सजवलेल्या ट्रकच्या प्रसंगात वाजवणारा तोच. त्या प्रसंगात त्याच्यासोबत अपंग कलाकारही वाजवत होते. ते चित्रीकरण मिळालं तर जरूर पाहा. गाण्यांत शिरायचं असेल तर १९८८चा त्याचा पहिला एकल अल्बम ‘गिटारिदम’ आधी ऐका, हेडफोन लावून.