झोपल्यावर उचलून नेणं आधी थांबव

प्रश्न: ताई, मुलगा साडेचार वर्षांचा आहे, अजून आमच्या दोघांच्या मधेच झोपतो, माझा कान धरल्याशिवाय त्याला झोपच लागत नाही. मला पाचवा महिना चालूए म्हणून आता त्याला वेगळं झोपवायचं ठरवलंय. गाढ झोपला की त्याच्या खोलीत नेऊन ठेवतो पण दीड-दोनला रडत परत येतोच. सगळे म्हणतात रडू दे, होईल सवय. मला नाही बघवत. माझं काही चुकतंय का?

उत्तर: अगं, इतकी वर्षं जवळ घेऊन झोपलीस म्हणून तो बिघडला असं मनातसुद्धा आणू नकोस. फक्त ते उचलून नेणं बंद कर. आपण सगळेच रात्रीतून बऱ्याचदा अर्धवट जागे होतो, कूस बदलतो नि परत झोपतो, सकाळी आठवतही नाही कारण उशी तीच असते, भिंत तीच असते. तो मात्र तुझा कान धरून झोपला आणि डोळे उघडले तर कान नाही, आई नाही, खोलीच दुसरी, घाबरणारच ना गं! म्हणजे दोन वाजताचं रडणं थांबवायचं तर खरं काम झोपवतानाच करायचंय, त्याने जागेपणी स्वतःच्या गादीवर आडवं होऊन तिथेच झोपी जायला हवं.

सुरुवातीला गादीला टेकून बस, हात धरू दे पण कान नको, हवं तर तुझा जुना मऊ टीशर्ट दे. चार-पाच दिवसांनी हात सोडून नुसती बस, मग खुर्ची थोडी लांब, मग दाराशी. दोन-तीन आठवडे सहज लागतात. रात्री उठून आलाच तर रागवायचं नाही, गप्पाही नाहीत, हात धरून परत त्याच्या गादीवर, दर वेळी तेच. आणि यातल्या निम्म्या रात्री बाबाने करायच्या, कारण पुढे तू बाळात अडकणार. या वयात दिवसभरात मिळून १० ते १३ तास झोप लागते, दुपारी उशिरापर्यंत झोपत असेल तर रात्री उगाच झटापट होते तेही बघ.

एक मात्र कळकळीने सांगते, ‘बाळ येणारे म्हणून तू तिकडे झोप’ हे वाक्य घरात कोणीच बोलायचं नाही. आठव्या महिन्यापर्यंत नाहीच जमलं तर त्याची गादी तुमच्याच खोलीत खाली घाला, बाळ थोडं मोठं झालं की पुन्हा सुरू करा. पण नवं बाळ आणि तो एका गादीवर नकोत, बाळाला पहिले ६ महिने तरी तुमच्याच खोलीत, वेगळ्या सपाट घट्ट गादीवर, उशीबिशी न ठेवता पाठीवर झोपवा. आणि हो, मुलगा रोज मोठ्याने घोरत असेल तर डॉक्टरांना एकदा दाखवून घे.