तू पाठवलेली लिंक

पोरी,

गेल्या शुक्रवारी लागलेल्या चित्रपटाच्या चोरट्या प्रतीची तुझी लिंक परवा रात्रीच मिळाली. सोबतचा मजकूरही वाचला: ‘सर, प्रिंट मस्त आहे, फक्त मधे दोनदा कुणीतरी पडद्यासमोरून जातं.’ मी ती उघडली नाही. रागावलोय असं समजू नकोस. तुझ्या वयाचा असताना मीही कॉपीवरून कॉपी केलेल्या व्हिडिओ कॅसेटवर, मुंग्यांच्या आडून दिसतील तेवढे चित्रपट पाहिलेत. तेव्हा सोवळं नेसून उपदेश करायचा मला अधिकार नाही.

तुला आवाजाचं काम शिकायचंय, म्हणून आधी आवाजाचंच बोलतो. 5.1 मिश्रणात, म्हणजे प्रेक्षकाला घेरणाऱ्या आवाजाच्या मांडणीत, सहा वेगळे चॅनल असतात: समोर तीन, प्रेक्षकाच्या बाजूंना दोन आणि खर्जाच्या दणक्यासाठी एक. संवाद बहुतेक मधल्या स्पीकरमधून येतात. एखादं दार डाव्या हाताला, जरा मागे करकरावं म्हणून आम्ही अख्खी दुपार घालवलेली असते. प्रेक्षागृहात फोन धरून चोरलेल्या चित्रणात या सहांचा एका माइकमध्ये लगदा होतो. त्याहून वाईट म्हणजे, बरेच फोन शांत जागा आली की माइकची पातळी आपोआप वाढवतात. म्हणजे दिग्दर्शकाने जिथे शांतता मागितली, नेमकी तिथेच वातानुकूलन यंत्राची घरघर आणि शेजाऱ्याचा खोकला उसळून वर येतो. ‘आवाज ठीक होता’ असं तू लिहिलंयस. अगं, तो तुझ्यापर्यंत पोचलाच नाही.

ही चोरी सिनेमाच्या जन्मापासूनची आहे. जॉर्ज मेलिएस या फ्रेंच दिग्दर्शकाने 1902 मध्ये चंद्रावरच्या सफरीचा चित्रपट केला. अमेरिकेत एडिसनच्या कंपनीने आणि इतरांनीही त्याच्या परस्पर प्रती काढून विकल्या. शेवटी 1903 मध्ये मेलिएसच्या भावाला न्यूयॉर्कमध्ये शाखा उघडून बसावं लागलं. त्या काळी पाथे ही फ्रेंच चित्रपट कंपनी आपलं बोधचिन्ह असलेला कोंबडा चक्क सेटच्या भिंतीवर लावत असे, म्हणजे प्रत कुणीही काढो, कोंबडा काही पुसता येत नसे! आज तोच कोंबडा अदृश्य झालाय. डिजिटल प्रोजेक्टरमधून जाताना चित्रात आणि आवाजात एक खूण मिसळते, आणि चोरलेली प्रत हाती लागली की कुठल्या यंत्रावर, कधीच्या खेळाला ती चित्रित झाली हे त्या खुणेवरून शोधता येतं. चित्रपटगृहात येणारी फाइलही कुलूपबंद असते. तिची किल्ली ठरावीक यंत्रावर, ठरावीक मुदतीपुरतीच चालते.

अशा प्रती बऱ्याचदा टोरंटने, म्हणजे एकमेकांकडून तुकड्या-तुकड्यांनी फाइल घेण्याच्या तंत्राने फिरतात. त्याबद्दल एक गोष्ट तुला माहीत नसावी असं वाटतं. 2001 मध्ये आलेलं हे तंत्र स्वतः बेकायदा नाही, मुक्त सॉफ्टवेअर वाटायलाही ते वापरतात. पण त्यात तू फाइल उतरवून घेत असतानाच तुझ्याकडे आलेले तुकडे इतरांना पुरवले जात असतात. ‘मी फक्त पाहिला’ असं तुला वाटतं, आणि तेवढा वेळ तू वितरक झालेली असतेस. अनेक देशांचे कायदे पाहणाऱ्यापेक्षा वाटणाऱ्याकडे जास्त कडक नजरेने बघतात. चोरट्या प्रती देणाऱ्या साइट फुकट का, हे मी सांगायला नको. जुगाराच्या जाहिराती आणि ‘हे ॲप आधी टाका’ म्हणणारी खोटी बटणं तू पाहिली आहेसच.

आता तुझा सगळ्यात भक्कम मुद्दा. चोरट्या प्रतींमुळे चित्रपट वाचलेत, असं तू मागे म्हणाली होतीस. खरं आहे. ‘नोस्फेरातू’ हा जर्मन मूकपट 1922 चा. ‘ड्रॅक्युला’ कादंबरीवर परवानगीविना बेतला म्हणून 1925 मध्ये न्यायालयाने त्याच्या सगळ्या प्रती नष्ट करायला सांगितलं. कुणाकुणाकडे राहून गेलेल्या प्रतींमुळेच आपण तो आज पाहतो. हा प्रश्न मला अजून पुरता सुटलेला नाही. पण तू पाठवलेला चित्रपट गेल्या शुक्रवारचा आहे, पोरी. त्याला कुणी जाळायला निघालेलं नाही.

पैसे नाहीत, ही अडचण मात्र मला मान्य आहे, आणि तिच्यावर उपाय आहेत. ऑनलाइन चित्रपट दाखवणाऱ्या सगळ्या सेवांचं वर्गणीदार व्हायची गरज नसते. एक महिना एक घे, यादी संपव, बंद कर, मग दुसरी. एकच चित्रपट हवा असेल तर भाड्याने घे, फक्त सुरू केल्यावर तो बहुधा 48 तासांत संपवावा लागतो. जाहिराती सोसायची तयारी असेल तर पुष्कळसं फुकट आणि कायदेशीर मिळतं. कुठला चित्रपट कुठे आहे हे ‘जस्टवॉच’वर शोध. ग्रंथालयात डिस्क असतात, काही ग्रंथालयं सभासदांना ऑनलाइन चित्रपटही दाखवतात. हे कुणी विचारतच नाही. फिल्म क्लब आणि महोत्सव आहेतच. हक्कांची मुदत संपलेले मूकपट इंटरनेट अर्काइव्ह या ऑनलाइन संग्रहात सापडतील. तिथे एवढंच बघ, की एका देशात मुक्त झालेला चित्रपट दुसऱ्या देशात मुक्त असेलच असं नाही, आणि जुन्या मूकपटाला नव्याने दिलेल्या संगीतावर वेगळा हक्क असू शकतो. एवढं करूनही काही चित्रपट कुठेच मिळत नाहीत. तेव्हा वितरकाला किंवा खुद्द दिग्दर्शकाला लिही. मी दोनदा लिहिलं, एकदा उत्तर आलं.

तो शुक्रवारचा चित्रपट अधिकृतपणे घरी पाहता येऊ लागला की चांगले हेडफोन लावून, दिवे मालवून बघ. मधल्या शांततेत तुला काय काय ऐकू आलं त्याची यादी करून पाठव. तोवर मीही तो पाहणार नाही, म्हणजे आपल्या दोघांच्या याद्या ताडून बघता येतील.

तुझा,
सर