संगीत व्यवसायाचीच टर उडवणारा पॉप बँड कोणता? त्यांची गाणी ऐकण्यासारखी आहेत की नुसताच टवाळपणा?

माझं उत्तर: द केएलएफ. म्हणजे ब्रिटनमधले बिल ड्रमंड आणि जिमी कॉटी. ड्रमंडने आधी इतर बँड्सची मॅनेजरी केली होती, रेकॉर्ड कंपनीत नोकरीही केली होती. भटारखान्यात राबलेल्या माणसाने जेवणाला नावं ठेवावीत, तशी यांची थट्टा. नेमकी लागते.

1987 मध्ये पहिल्या अल्बमसाठी त्यांनी 'आबा' (ABBA) या स्वीडिश पॉप बँडच्या 'डान्सिंग क्वीन' गाण्याचे तुकडे बिनधास्त उचलले. हक्कांवरून भांडण झालं, अल्बम मागे घ्यावा लागला. आबाची समजूत घालायला हे थेट स्वीडनला गेले. भेट काही झाली नाही. मग उरलेल्या काही प्रती शेतात जाळल्या, बाकीच्या परतताना बोटीवरून समुद्रात फेकल्या. पुढे उचललेले तुकडे काढून टाकलेली आवृत्ती आली. त्या जागी शांतता, आणि कव्हरवर सूचना: ही भोकं घरच्या घरी कशी बुजवावीत!

1988 मध्ये 'द टाइमलॉर्ड्स' हे नाव घेऊन त्यांनी 'डॉक्टर हू' या ब्रिटिश टीव्ही मालिकेच्या धूनला रॉक गायक गॅरी ग्लिटरच्या गाण्याचा ठेका जोडला आणि बँडचा चेहरा म्हणून चक्क एक जुनी मोटार पुढे केली. गाणं ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं. लगेच त्यांनी 'द मॅन्युअल' हे पुस्तक काढलं: पहिल्या क्रमांकाचं गाणं कसं बनवावं. खिसा रिकामा हवा, वाद्य येण्याची गरज नाही. सगळं तंतोतंत पाळूनही तीन महिन्यांत ब्रिटनमध्ये पहिला क्रमांक नाही मिळाला, तर पुस्तकाचे पैसे परत. एडेलवाइस या ऑस्ट्रियन मंडळींनी म्हणे ते मनावर घेतलं आणि त्यांचं गाणं युरोपभर गाजलं. त्याची चाल कोणाची? आबाचीच, 'एसओएस'ची!

आता गाण्यांबद्दल. '3 ए. एम. इटर्नल' 1991 मध्ये ब्रिटनमध्ये पहिलं आलं आणि ते आजही नाचवतं. पण माझं लाडकं 'जस्टिफाइड अँड एन्शंट'. अमेरिकन कंट्री संगीतातली मोठी गायिका टॅमी वायनेट त्यात आइस्क्रीमच्या गाडीबद्दल गाते, तेही आयुष्यातलं दुःख सांगावं इतक्या मनापासून. ती हसली असती तर गाणं पडलं असतं.

1992 च्या ब्रिट पुरस्कार या ब्रिटिश संगीत सोहळ्यात त्यांनी कर्कश मेटल संगीत वाजवलं, प्रेक्षकांवर बंदुकीतून खोटी काडतुसं झाडली आणि 'केएलएफने संगीत व्यवसाय सोडला आहे' अशी घोषणा करवली. लोकांना तीही थट्टाच वाटली. पण काही महिन्यांत त्यांनी ब्रिटनमधल्या आपल्या सगळ्या रेकॉर्ड्सची विक्री खरोखर बंद केली. 1994 मध्ये स्कॉटलंडच्या जुरा बेटावर त्यांनी स्वतःचेच दहा लाख पाउंड जाळले, त्याचं कौतुक मात्र मला जमत नाही.

2021 पासून त्यांची गाणी पुन्हा स्ट्रीमिंगवर येऊ लागली आहेत. सुरुवात टॅमीपासून करा.